बाभळीच्या गेटांवर जे जमलं ते बाकी बॉर्डरवर पण जमवा

मा. संपादक साहेब,
सप्रेम नमस्कार.

दरवर्षी १ जुलैला आमच्या धर्माबाद तालुक्यातल्या गोदावरीवरच्या बाभळी बंधाऱ्याची गेटं उघडल्याची बातमी पेपरात एका कोपऱ्यात येते आणि बहुतेक लोक ती न वाचताच पान उलटतात. आमच्या धर्माबाद भागात मात्र ती बातमी लई महत्त्वाची आहे आणि मला वाटतं की शेजारच्या राज्याशी भांडण कसं मिटवायचं हे ज्यांना शिकायचं त्यांनी त्या दिवशी इथं येऊन उभं राहून बघावं. केंद्रीय जल आयोगाचा माणूस येतो, तेलंगणाचे इंजिनियर येतात, आपले पाटबंधारेवाले असतात, आधी पाण्याची लेव्हल बघून लिहून घेतात आणि मग १४ गेटं एकेक करून वर जातात, पाणी खाली तेलंगणातल्या पोचमपाड धरणाकडं निघतं. कोणी घोषणा देत नाही, कोणी कोणाच्या अंगावर जात नाही.

याच बंधाऱ्यावरून जुलै २०१० ला काय झालं होतं ते इथल्या माणसाला विचारा. तेव्हाचे आंध्रचे विरोधी पक्षनेते चंद्राबाबू नायडू आपले आमदार घेऊन बंधारा बघायला निघाले, त्यांना अडवलं, धर्माबादच्या आयटीआयमध्ये ठेवलं, सगळीकडं पोलीसच पोलीस आणि शेवटी त्यांना विमानाने हैदराबादला पाठवावं लागलं. तिकडं टीव्हीवर असं चित्र की महाराष्ट्र गोदावरी अडवून तेलंगणाचं वाळवंट करणार, आणि इकडं असं की आपल्या हद्दीतलं पाणी पण आपल्याला घेऊ देत नाहीत. खरा हिशोब बघा म्हणजे डोकं सुन्न होतं. बाभळीत पाणी मावतं २.७४ टीएमसी (एक टीएमसी म्हणजे एक अब्ज घनफूट), आणि पोचमपाड म्हणजे श्रीरामसागर बांधलं तेव्हा त्याची क्षमता ११२ टीएमसी होती, आता गाळाने कमी झाली तरी बाभळीच्या कितीतरी पट आहे. एवढ्याशा पाण्यावरून दोन राज्यं हमरीतुमरीवर आली होती, कारण तोपर्यंत कोणी आकडे समोर ठेवून बोलतच नव्हतं.

सुप्रीम कोर्टात आंध्रने २००६ ला दावा टाकला आणि २८ फेब्रुवारी २०१३ ला निकाल आला. कोर्टाने बंधारा पाडा असं पण म्हटलं नाही आणि महाराष्ट्राला मोकळं रान पण दिलं नाही. १ जुलै ते २८ ऑक्टोबर गेटं वर ठेवायची म्हणजे पावसाळ्यातला प्रवाह खाली जाईल, त्यानंतर गेटं टाकून पाणी साठवायचं, १ मार्चला ०.६ टीएमसी खाली सोडायचं, आणि हे सगळं बघायला तीन जणांची समिती, एक केंद्रीय जल आयोगाचा आणि दोन्ही राज्यांचा एकेक. बस एवढंच. तारीख ठरली, माप ठरलं, आणि त्या जाग्यावर दोन्हीकडचा माणूस हजर ठेवला, तर भांडणाला तोंडच राहिलं नाही. मधल्या काळात आंध्रातून तेलंगणा वेगळं झालं, दोन्हीकडची सरकारं बदलली, तरी १ जुलैला गेटं उघडतात.

याचा अर्थ सगळं चांगलं चाललंय असं नाही. २९ ऑक्टोबरला गेटं टाकतो तोपर्यंत पाऊस गेलेला असतो, नदीला धार राहत नाही आणि बंधारा नीट भरतच नाही, हे आमचं खरं दुखणं आहे. ज्या वर्षी पोचमपाड सप्टेंबरातच भरून वाहतं त्या वर्षी इकडची गेटं थोडी आधी टाकली तर तिकडच्या शेतकऱ्याचं एक थेंब नुकसान नाही. हे पटवून द्यायचं तर रास्ता रोको करून उपयोग नाही, पाच-दहा वर्षांच्या नोंदी घेऊन आपल्या सरकारने त्या समितीसमोर आणि तेलंगणासमोर बसलं पाहिजे, आणि दोघांनी मिळून कोर्टाला विनंती केली पाहिजे. निवडणूक आली की बाभळीवर भाषण करणारे आमच्याकडं भरपूर आहेत, पण नोंदी घेऊन कोण बसणार?

दुसरा विषय पुराचा आहे आणि तो जास्त जिवावरचा आहे. वरून नांदेडच्या विष्णुपुरी धरणाचा विसर्ग येतो, मांजरा नदी भरून येते, आणि खाली पोचमपाड फुल असलं की बॅकवॉटर म्हणजे धरणाचं तुंबलेलं पाणी मागं सरकतं आणि धर्माबाद, उमरी, बिलोली भागातलं सोयाबीन, कापूस पाण्याखाली जातो. सोयाबीन शेंगात आलेलं असतं तेव्हाच हे होतं. चार दिवस पाणी थांबलं की झाड पिवळं पडतं, शेंगा काळ्या पडतात, वास सुटतो, आणि मग माणूस बांधावर उभा राहून तिकडच्या धरणाच्या नावाने बोटं मोडतो की त्यांनी मुद्दाम गेटं उघडली नाहीत. तिकडचे म्हणतात आम्हाला वरून किती पाणी येतंय ते वेळेवर कळवलं नाही. आता आपली बाभळी मीटरमध्ये मोजतात, पूर्ण पातळी ३३८ मीटर, आणि पोचमपाडची लेव्हल सांगतात फुटात, १०९१ फूट म्हणजे साधारण ३३२.५ मीटर. गावातल्या माणसाला व्हॉट्सअपवर दोन्ही आकडे येतात आणि त्यातून त्याच्या शेतात पाणी कधी येणार ते काही कळत नाही. ऑगस्ट-सप्टेंबरात दोन्हीकडच्या धरणांची एकच कंट्रोल रूम का नको, जायकवाडीपासून पोचमपाडपर्यंत कुठं किती विसर्ग चालू आहे ते दर तासाला एकाच मापात, मराठी आणि तेलुगूत, दोन्ही काठच्या सरपंचांना आणि तलाठ्यांना जाईल अशी? याला ना ट्रिब्युनल लागतं ना कोर्ट. नांदेड, निजामाबाद आणि निर्मलच्या कलेक्टरांनी मनावर घेतलं तर होऊ शकतं.

कर्नाटकाकडं तर याच्या उलट चित्र आहे. सीमाभागाचा दावा २००४ पासून सुप्रीम कोर्टात आहे आणि तो लढलाच पाहिजे, बेळगावच्या मराठी माणसाला वाऱ्यावर सोडा असं मी बिलकुल म्हणत नाही. पण फेब्रुवारी २०२५ मध्ये चित्रदुर्गजवळ आपल्या एसटीच्या ड्रायव्हरला काळं फासलं आणि आपल्याकडून कर्नाटकात जाणाऱ्या गाड्या बंद झाल्या, अशा वेळी त्रास कोणाला होतो? उदगीर, देगलूर, उमरग्याच्या माणसाचा बिदर-कलबुर्गीशी रोजचा संबंध, दवाखाना तिकडं, बाजार तिकडं, लेकी तिकडं दिलेल्या. डायलिसिसच्या पेशंटला गाडी कधी चालू होणार याची वाट बघत बसता येत नाही हो. डिसेंबर २०२२ मध्ये गाड्यांवर दगडफेक झाल्यावर अमित शहांनी दोन्ही मुख्यमंत्र्यांना दिल्लीत बसवलं, दोन्हीकडचे तीन-तीन मंत्री अशी समिती ठरली. त्या समितीने आजपर्यंत काय केलं ते दोन्ही सरकारांनी लोकांना सांगावं, आणि कोर्टाचा निकाल काहीही लागो, एसटी, दवाखान्याची गाडी आणि परीक्षेला जाणारी पोरं अडवायची नाहीत एवढं तरी लेखी ठरवावं.

आणखी एक गोष्ट बऱ्याच जणांना माहीत नसते. राज्यांनी एकत्र बसावं म्हणून १९५६ च्या कायद्याने विभागीय परिषदा केल्या, पण आज महाराष्ट्र पश्चिम परिषदेत गुजरात-गोव्याबरोबर आहे आणि कर्नाटक, तेलंगणा दक्षिण परिषदेत. म्हणजे मराठवाड्याला ज्या दोन राज्यांची हद्द लागते त्यांच्याशी आपण एका टेबलावर बसतच नाही. परिषदांची संयुक्त बैठक घ्यायची सोय त्याच कायद्यात आहे, ती वापरावी. आणि सगळ्या राज्यांची जी आंतरराज्य परिषद १९९० ला केली तिची शेवटची बैठक जुलै २०१६ ला झाली, त्यानंतर नाही. घरात चार भावांची वाटणी असली तरी सणाला एकत्र जेवतात, इथं तेवढं पण नाही.

१ नोव्हेंबर १९५६ पर्यंत नांदेड, निजामाबाद, बिदर, आदिलाबाद हे सगळे एकाच हैदराबाद राज्यातले जिल्हे होते. आजही आमच्याकडची पोरं अक्षर गिरवायला बासरला सरस्वतीच्या देवळात नेतात, मोंढ्यात मराठी-तेलुगू दोन्ही चालतं, सोयरिकी आहेत. २०१८ ला तिकडं तेलंगणा सरकारचे शेतकऱ्यांना एकरी मदतीचे म्हणजे रयतू बंधूचे पैसे चालू झाले तेव्हा आमच्या तालुक्यातल्या काही गावांनी आम्हाला तेलंगणात घाला म्हणून मागणी केली, तर मुंबईत लोक चिडले. चिडण्यापेक्षा त्या गावांना रस्ता, पाणी, लाईट का मिळत नाही ते बघायला कोणी आलं असतं तर बरं झालं असतं. बॉर्डरवरच्या गावाला दोन्ही सरकारं विसरतात आणि भांडणाची वेळ आली की दोघांनाही ते गाव आठवतं, हे आम्ही लहानपणापासून बघतोय.

म्हणून तुमच्या पेपरमार्फत नांदेड, लातूर, धाराशिवच्या आमदार-खासदारांना विनंती आहे की येत्या पावसाळ्याच्या आधी दोन्हीकडच्या कलेक्टर आणि पाटबंधारे अधिकाऱ्यांची बैठक धर्माबादला लावा, बाभळीच्या तारखांचा आणि बॅकवॉटरच्या माहितीचा विषय अजेंड्यावर घ्या, आणि बैठकीला दोन्ही काठचे शेतकरी बोलवा. तिकडचे यायला तयार आहेत, आमचं त्यांच्याशी बोलणं असतं.

आपला नेहमीचा वाचक,
एक शेतकरी, ता. धर्माबाद, जि. नांदेड