मार्च एंडिंग आणि कानोचे अमीर

माननीय संपादक,
सप्रेम नमस्कार.

गेल्या रविवारच्या अंकात नायजेरियातल्या कानो शहराच्या गादीच्या वादाची छोटी बातमी वाचली. सोबत फेटा बांधलेल्या, डोक्यावर मोठी छत्री धरलेल्या अमीर (म्हणजे तिथले पारंपरिक राजे) मुहम्मदू सानुसी द्वितीय यांचा फोटो होता आणि खाली ओळ होती, 'नायजेरियाचे माजी अर्थमंत्री'. ते अर्थमंत्री कधीच नव्हते. जून २००९ पासून फेब्रुवारी २०१४ पर्यंत ते सेंट्रल बँक ऑफ नायजेरियाचे गव्हर्नर होते. म्हणजे आपल्याकडे मुंबईत मिंट रोडवर रिझर्व्ह बँकेच्या गव्हर्नरची जी खुर्ची आहे, तिथल्या तशा खुर्चीवर. तेव्हा त्यांचं नाव सानुसी लामिडो सानुसी असं लिहीत आणि फेट्याच्या जागी त्यांची ओळख होती गळ्यातला बो टाय. चूक किरकोळ आहे, पण नागरी सहकारी बँकेत एकतीस वर्षं खतावण्या ओढलेल्या माणसाला ती तशी वाटत नाही. म्हणून हे पत्र, आणि ते थोडं लांबणार आहे.

मला या माणसाची माहिती का, ते आधी सांगतो. माझ्या नोकरीच्या शेवटच्या काळात आमच्या बँकेला 'पस्तीस-अ' लागलं, म्हणजे बँकिंग कायद्यातल्या त्या कलमाखाली रिझर्व्ह बँकेने पैसे काढण्यावर मर्यादा घातली. ज्यांना हे कलम माहीत नाही ते सुखी. ज्यांना माहीत आहे त्यांना काउंटरच्या पलीकडचे चेहरे आठवतील. मुलीच्या लग्नासाठी मुदत ठेव ठेवलेला माणूस पासबुक पुढे करतो आणि आपण त्याला सांगायचं, सध्या इतकेच मिळतील. आमचे संचालक मात्र शेवटच्या वार्षिक सभेपर्यंत हार घालून घेत होते. निवृत्तीनंतर वेळच वेळ होता, तेव्हा इतर देशांत बुडत्या बँकांचं काय करतात ते वाचत सुटलो. आइसलँड वाचलं, आयर्लंड वाचलं आणि नायजेरियाशी येऊन अडकलो.

सानुसी यांचा जन्म ३१ जुलै १९६१ चा, कानोच्या राजघराण्यातला. आजोबा मुहम्मदू सानुसी प्रथम हे कानोचे अमीर. १९६३ मध्ये उत्तर प्रांताचे सर्वेसर्वा अहमदू बेलो यांच्याशी त्यांचं बिनसलं, गादी गेली आणि त्यांना अझारे नावाच्या गावी पाठवून दिलं गेलं. नातू तेव्हा दोन वर्षांचासुद्धा नव्हता. वडील परराष्ट्र सेवेत, राजदूत. मुलगा लागोसच्या किंग्ज कॉलेजात शिकला, झारियाच्या अहमदू बेलो विद्यापीठातून अर्थशास्त्राचा पदवीधर झाला (ज्यांनी आजोबांना हटवलं त्यांच्याच नावाचं विद्यापीठ!), तिथे काही काळ शिकवलंही. १९८५ मध्ये बँकिंगमध्ये शिरला. मधेच नोकरी सोडून सुदानला खार्टूममध्ये जाऊन इस्लामी कायद्याचं शिक्षण घेऊन आला. मग युनायटेड बँक फॉर आफ्रिका, मग फर्स्ट बँक, आणि खातं जवळपास कायम एकच: जोखीम व्यवस्थापन. कर्ज देणाऱ्यांचा सत्कार होतो, 'हे देऊ नका' म्हणणाऱ्याला कोणी चहाही विचारत नाही. २००९ च्या जानेवारीत ते फर्स्ट बँकेचे प्रमुख झाले आणि पाचच महिन्यांत गव्हर्नर.

त्यांच्या आधीचे गव्हर्नर चुक्वुमा सोलुडो यांनी बँकांचं किमान भांडवल २ अब्ज नायरावरून (नायरा हे तिथलं चलन) २५ अब्जांवर नेलं होतं. त्यामुळे ८९ बँकांच्या विलीनीकरणातून २५ मोठ्या बँका झाल्या. धोरण वाईट नव्हतं. पण एवढं भांडवल गोळा झाल्यावर ते लावायचं कुठे? ते गेलं शेअर बाजारात आणि तेलाच्या व्यापाऱ्यांकडे. काही बँकांनी तर आपलेच शेअर घ्यायला लोकांना कर्जं दिली. २००८ च्या मार्चनंतर बाजार कोसळला, त्याच वर्षाच्या उत्तरार्धात तेल १४७ डॉलरवरून ४० च्या खाली आलं, आणि कर्जही गेलं, तारणही गेलं.

१४ ऑगस्ट २००९ ला, गव्हर्नर होऊन अडीच महिने होत होते, सानुसींनी एका दिवसात पाच बँकांचे प्रमुख आणि कार्यकारी संचालक घरी पाठवले. ऑक्टोबरमध्ये आणखी तीन बँकांचे प्रमुख गेले. बँका बंद केल्या नाहीत. दरवाजे उघडे, काउंटर चालू, आत सुमारे ६२० अब्ज नायरा ओतले आणि वर नवे व्यवस्थापक बसवले. ठेवीदाराचा पैसा बुडाला नाही. आमच्याकडे हे उलटं होतं. पहिली साखळी लागते ती ठेवीदाराच्या खात्याला, संचालकांची चौकशी मागून, सावकाश, तारखा घेत घेत येते.

पुढे कानोच्या बायेरो विद्यापीठात केलेल्या भाषणात त्यांनी या बँकांत काय सापडलं ते सांगितलं. शंभर बनावट कंपन्या काढलेली एक बँक, बँकेने कर्ज काढून घेतलेली पण प्रमुखाच्या मुलाच्या नावावर असलेली खासगी विमानं. ओशनिक बँकेच्या प्रमुख सेसिलिया इब्रू यांनी ऑक्टोबर २०१० मध्ये न्यायालयात गुन्हा कबूल केला. शिक्षा सहा महिन्यांची, पण जवळपास १९१ अब्ज नायरांची मालमत्ता सोडून द्यावी लागली. सहा महिने कमी आहेत असं कोणी म्हणेल. मी म्हणेन, मालमत्ता बघा.

पण मला त्यांचं जे काम सगळ्यांत मोलाचं वाटतं ते कोणत्याही मथळ्यात येत नाही. त्यांनी सगळ्या बँकांना वर्षअखेर एकाच दिवशी करायला लावली: ३१ डिसेंबर. यात काय विशेष, असं वाचकांना वाटेल. त्याआधी तिथे प्रत्येक बँकेचं आर्थिक वर्ष आपापलं असे. एका बँकेचा ताळेबंद जवळ आला की दुसरी तिच्याकडे थोड्या दिवसांसाठी पैसे ठेवायची, ठेवी फुगायच्या, ताळेबंदाचा फोटो काढला की पैसे परत. मग दुसरीची वर्षअखेर आली की पहिली उपकार फेडायची. तेच पैसे गावजेवणातल्या भाड्याच्या भांड्यांसारखे घरोघर फिरायचे आणि जो तो म्हणायचा, आमचीच. तारीख एक केली की भांडी एकाच वेळी दोन घरांत दिसू शकत नाहीत.

आमच्याकडे मार्च एंडिंगला शाखाधिकारी ओळखीच्या व्यापाऱ्याला फोन करायचे: शेठ, कॅश क्रेडिटचं कर्ज उचला आणि तेच दोन दिवस ठेवीत टाका. एक एप्रिलला उलटी नोंद. ती नोंद मी स्वतः केली आहे, अनेक वर्षं. त्यामुळे एका तारखेत किती खोटं मरतं ते मला पुस्तकातून शिकावं लागलं नाही.

सानुसी संत होते असा माझा दावा नाही. थकबाकीदारांची यादी त्यांनी वर्तमानपत्रांत छापली तेव्हा त्यातल्या काहींनी आमचं कर्ज फिटलं आहे असं म्हणत हरकत घेतली. ज्यांनी या बँकांचे शेअर पेन्शनच्या भरवशावर घेतले होते, त्या लहान भागधारकांच्या हाती जवळजवळ काही उरलं नाही. बुडीत कर्जं विकत घेण्यासाठी २०१० मध्ये काढलेल्या सरकारी कंपनीचा भार तिथल्या चांगल्या बँका पुढे वर्षानुवर्षं वाहत राहिल्या. २०१२ मध्ये पेट्रोलवरचं अनुदान काढलं तेव्हा लोक रस्त्यावर उतरले आणि गव्हर्नर सरकारच्या बाजूने ठाम. ५,००० नायरांच्या नोटेचा बेत लोकांनी हाणून पाडला, बरं झालं. आणि ते गप्प बसत नसत. मध्यवर्ती बँकेच्या गव्हर्नरांनी कमी बोलावं अशी जगरहाटी असताना, संसदेवर सरकारी खर्चातला किती वाटा उडतो हे त्यांनी एका विद्यापीठाच्या समारंभात सांगून टाकलं. खासदारांनी जाब विचारायला बोलावलं, तर तिथेही शब्द मागे घेतला नाही.

मग ते गाजलेलं पत्र. २०१३ च्या सप्टेंबरात त्यांनी राष्ट्राध्यक्ष गुडलक जोनाथन यांना कळवलं, की सरकारी तेल कंपनीने विकलेल्या तेलाचे ४९.८ अब्ज डॉलर तिजोरीत जमा झालेले नाहीत. डिसेंबरात पत्र फुटलं. हिशेब जुळवताना आकडा १२ अब्जांवर आला, फेब्रुवारीत सिनेटपुढे ते २० अब्ज म्हणाले. इथे माझ्यातला कारकून अस्वस्थ होतो. एवढी मोठी तक्रार करताना पहिलाच आकडा पक्का नको का? विरोधकांना त्यांनी आयती काठी दिली. पण पुढच्या लेखापरीक्षणातही कंपनीने किमान १.४८ अब्ज डॉलर सरकारला परत करावेत असं निघालंच. म्हणजे आकडा चुकला होता, बोट बरोबर जागी होतं.

२० फेब्रुवारी २०१४ ला सानुसी बैठकीसाठी शेजारच्या नीजेर देशात, नियामेला होते. तिथे असतानाच त्यांना निलंबित केल्याचं जाहीर झालं. परतल्यावर लागोसच्या विमानतळावर पासपोर्ट काढून घेतला. आधीच्या आठवड्यातच त्यांनी प्रत्येक खातेदाराला बोटांच्या ठशांशी जोडलेला एक क्रमांक द्यायची योजना सुरू केली होती, ती आजही चालू आहे. निलंबनाचं कारण दिलं गेलं आर्थिक बेपर्वाईचं. आता गंमत पाहा. तिथला कायदा सांगतो की सिनेटच्या दोन तृतीयांश सदस्यांचा पाठिंबा असल्याशिवाय राष्ट्राध्यक्ष गव्हर्नरला काढू शकत नाहीत. मग त्यांनी काढलं नाही, निलंबित केलं. पाच वर्षांची मुदत संपायला चार महिनेही उरले नव्हते आणि दुसरी मुदत नको हे सानुसींनी आधीच सांगितलेलं होतं.

आपण यावर हसू नये. आपल्या रिझर्व्ह बँकेच्या कायद्यात तर केंद्र सरकार गव्हर्नरला पदावरून दूर करू शकतं असं कलम ११ मध्ये सरळ लिहिलेलं आहे, दोन तृतीयांशाची भानगडच नाही. आपल्याकडे त्याची गरज पडत नाही, माणसं आधीच राजीनामा देतात. अर्थमंत्र्यांशी न पटल्याने गव्हर्नर बेनेगल रामा राव १९५७ च्या जानेवारीत राजीनामा देऊन गेले, हे जुन्या वाचकांना आठवत असेल. आपले चिंतामणराव देशमुख, रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर, अर्थमंत्री असताना मुंबईच्या प्रश्नावर खुर्ची सोडून आले, तो मानी स्वभाव वेगळाच.

पुढचं तुमच्या बातमीत आहेच, पण मधली कडी राहिली. सानुसींच्या आजोबांनंतर काही महिन्यांतच कानोची गादी त्यांच्या सावत्र भावाकडे, अडो बायेरो यांच्याकडे गेली आणि पन्नास वर्षं तिथे राहिली. ते २०१४ च्या ६ जूनला वारले आणि दोन दिवसांत, निलंबित गव्हर्नरांना अमीर नेमलं गेलं. गादीवर बसूनही तोंड बंद नाही: बालविवाहावर बोलले, मुलींच्या शिक्षणावर बोलले, मशिदींतून शाळा भरवा म्हणाले. राज्याच्या सरकारने आधी अमीरातीचे पाच तुकडे केले, मग ९ मार्च २०२० ला त्यांना पदच्युत करून नसारावा राज्यात पाठवून दिलं. आजोबांचा कित्ता नातवाला गिरवावा लागला. २०२४ च्या मे महिन्यात नव्या सरकारने अमीरातीचे तुकडे करणारा कायदाच रद्द करून त्यांना परत आणलं. पण अडो बायेरो यांचे चिरंजीव अमिनू हटायला तयार नाहीत, ते त्याच शहरातल्या दुसऱ्या वाड्यात राहतात आणि दोघेही स्वतःला अमीर म्हणवतात. थोडक्यात भाऊबंदकी. आपल्या वाचकाला ती समजावून सांगायला वेगळ्या चौकटीची गरज नाही.

तेव्हा विनंती एवढीच, की पुढच्या अंकात कोपऱ्यात का होईना, 'माजी अर्थमंत्री' ऐवजी 'माजी गव्हर्नर' अशी दुरुस्ती छापावी. त्या काळात २०११ पासून अर्थमंत्री न्गोझी ओकोंजो-इवेला होत्या, ज्या नंतर जागतिक व्यापार संघटनेच्या प्रमुख झाल्या. आणि जमल्यास बो टायमधला एखादा जुना फोटो मिळतो का ते पाहावं.

आपला,
एक निवृत्त बँक कर्मचारी, सांगली