झोलुश्काला जंगल परत देणाऱ्यांस

प्रति,
वाघ पुनर्वसन केंद्रातील सर्व कर्मचारी,
अलेक्सेयेव्का, प्रिमोर्ये, रशिया

स. न. वि. वि.

आईवेगळ्या बछड्याला मरणातून वाचवणे आणि त्याला रानातला वाघ म्हणून जगता येईल असे वाढवणे ही दोन निराळी कामे आहेत. त्यांतले दुसरे, कितीतरी अवघड काम आपण पार पाडलेत, म्हणून हे आभाराचे पत्र लिहीत आहे.

फेब्रुवारी २०१२ मध्ये प्रिमोर्येच्या बर्फाळ जंगलात शिकाऱ्यांना सापडलेली झोलुश्का ही अमूर (सायबेरियन) वाघाची बछडी अवघ्या काही महिन्यांची होती. आई बहुधा चोरट्या शिकारीत मारली गेलेली, पोट खपाटीला गेलेले आणि शेपटीचे टोक हिमदंशाने निकामी झालेले, अशा अवस्थेतल्या त्या पिल्लाच्या शेपटीचे ते टोक शस्त्रक्रियेने काढावे लागले. अशा पिल्लाला जवळ घ्यावे, हाताने भरवावे, असे कोणालाही वाटले असते. आपण मात्र तिच्या नजरेसही पडायचे नाही असे ठरवलेत, आणि माझ्या मते आपल्या साऱ्या कामाचे मर्म याच निर्णयात आहे. आरपार दिसणार नाही असे उंच कुंपण, कॅमेऱ्यांतून दुरून ठेवलेली नजर आणि माणूस समोर न येता आत सोडलेले भक्ष्य, ही सारी व्यवस्था एकाच गोष्टीसाठी होती: अन्न आणि माणूस यांची सांगड त्या जनावराच्या मनात कधीच पडू नये. माणसाची भीती मेलेला वाघ वस्तीकडे वळतो, आणि तिथे तो फार काळ जिवंत राहत नाही. आईकडून मिळायचे शिक्षण आपण आधी सशांवर आणि पुढे जिवंत हरणांवर होऊ दिलेत. चुका तिच्या तिला करू दिल्यात, आणि ती भक्ष्य स्वतः पाडू लागली, माणसापासून दूर पळू लागली, याची खात्री पटल्यावरच दार उघडलेत.

मे २०१३ मध्ये रेडिओ कॉलर लावून तिला ज्यू स्वायत्त प्रांतातील बास्ताक अभयारण्यात सोडण्यात आले. ज्या प्रदेशातून वाघ कित्येक दशकांपूर्वी नाहीसा झाला होता, तिथे ती एकटी हिवाळा काढू शकेल का, ही शंका रास्त होती. तिने रानडुकरे मारली, हिवाळा निभावला, आणि २०१५ मध्ये कॅमेरा ट्रॅपमध्ये तिच्याबरोबर दोन बछडी दिसली. ही बातमी वाचताना मला जो आनंद झाला, तो आजही तसाच आहे.

आणखी एका गोष्टीचे ऋण मला विशेष वाटते. २०१४ मध्ये सोडलेल्या वाघांपैकी कुझ्या अमूर नदी ओलांडून चीनमध्ये गेला, हे साऱ्या जगाने कौतुकाने वाचले. पण दुसरा एक नर, उस्तिन, तिकडे शेळ्या मारू लागला आणि अखेर त्याला पकडून बंदिवासात ठेवावे लागले, हेही संशोधकांनी लपवले नाही. अपयशाची अशी प्रांजळ नोंद नसती, तर कोणते पिल्लू सोडण्याजोगे आणि कोणते नाही, हे इतर देशांतल्या वनाधिकाऱ्यांनी कशाच्या आधारे ठरवले असते?

१९४० च्या दशकात अमूर वाघांची संख्या काही डझनांवर आली होती आणि १९४७ मध्ये सोव्हिएत सरकारने त्यांच्या शिकारीवर बंदी घातली. बंदीमुळे वाघ उरला हे खरेच. परंतु जिथून तो पुसला गेला होता तिथे त्याला पुन्हा नांदवण्यासाठी, थंडीवाऱ्यात रात्रंदिवस कॅमेऱ्याच्या पडद्यासमोर बसून, लळा लागलेला असूनही अंतर राखणारी आपल्यासारखी माणसे लागली. ज्या वाघिणीसाठी हे सारे केलेत, तिला आपले अस्तित्वही ठाऊक नाही. म्हणून तिच्या वतीने नव्हे, तर वाघांवर मनापासून प्रेम करणाऱ्या एका मराठी वाचकाच्या नात्याने आपणा सर्वांचे आभार मानतो.

आपला कृतज्ञ,
एक व्याघ्रप्रेमी