गुहेचे दिवे बदलायचे आहेत! सर्व सभासद व गुहाप्रेमींना आवाहन

सप्रेम नमस्कार.

आपल्या गुहेतल्या पडद्याच्या दालनाची भिंत हल्ली हिरवी दिसू लागली आहे. काही पाहुणे त्या रंगाचे कौतुकही करतात! ते शेवाळ आहे. जुन्या हॅलोजन दिव्यांच्या उजेडावर आणि उबेवर ते पोसते आणि खालची चुनखडी पोखरते. फ्रान्समधली लास्को गुहा १९४० मध्ये सापडली. माणसांच्या श्वासाने आणि दिव्यांनी तिथली आदिमानवाने काढलेली भित्तिचित्रे बिघडू लागली, म्हणून १९६३ मध्ये ती लोकांना बंद करावी लागली. ती पाळी आपल्यावर येऊ नये.

गुहा इथवर टिकली ती जुन्या मंडळींमुळे. आपल्या पहिल्या अध्यक्षांनी कठड्याचे पाइप स्वतःच्या खांद्यावरून आत नेले. हाताचा तेलकटपणा लागला की लवणस्तंभ काळवंडतो, त्याची वाढ खुंटते, हे ते प्रत्येक गटाला न कंटाळता सांगत. पायऱ्यांचा सगळा खर्च एका दाम्पत्याने नाव न छापण्याच्या अटीवर उचलला. ती अट आजही पाळतो आहोत. आणि आपल्या बाई! सुट्टीत मुलांना घेऊन त्या मऊ ब्रशने भिंतींवरचे केस आणि कपड्यांचे तंतू झाडत, कारण त्यावरच बुरशी धरते. मागच्या दालनातल्या चुन्याच्या पोकळ नळ्या, छताला टोकाला एकेक थेंब धरून लोंबणाऱ्या, त्यांच्याच धाकामुळे शाबूत राहिल्या. अशी नळी दहा सेंटीमीटर वाढायला शेकडो वर्षे लागू शकतात. यंदा त्यातली एक नळी कुणीतरी आठवण म्हणून तोडून नेली.

गेल्या आवाहनाला किती जण आले, ते लिहीत नाही. फोटो काढायला मात्र रांग होती. असो.

वटवाघळांच्या पिलांचा हंगाम सुरू झाला की आत काम करता येणार नाही, म्हणून घाई. हवे ते असे: माणूस जवळ आल्यावरच लागणारे एलईडी दिवे, वायरिंग, आणि तोंडाशी आडव्या गजांचे फाटक (सध्याच्या बारीक जाळीतून वटवाघळांना ये-जा जमत नाही). देणगी रोख वा धनादेशाने खजिनदारांकडे द्यावी, पावती मागून घ्यावी. फूल ना फुलाची पाकळी चालेल. श्रमदान हंगामापर्यंत दर रविवारी सकाळी, तिकीटखिडकीपाशी जमावे. मऊ ब्रश आणावा, बूट धुतलेले असावेत, दुसऱ्या गुहेत वापरलेले नकोत. वायरिंगचे काम येणाऱ्यांनी आधी कळवावे.

आपला,
कार्यवाह, गुहा समिती