दगडच तर आहे, असे म्हणू नका

मा. खाण व भूगर्भ खात्याचे मंत्री,
गोवा राज्य यांस,

सादर नमस्कार.

खाणींबद्दल आपल्याला सगळेच विचारतात. मी खात्याच्या नावातल्या दुसऱ्या शब्दाबद्दल, भूगर्भाबद्दल, लिहितो आहे.

मी काणकोणचा. पाळोळे किनाऱ्याच्या टोकाच्या गोल, गुळगुळीत शिळांवर आम्ही ओहोटीत चढायचो. गेल्या हिवाळ्यात तालुक्यातल्याच एका किनाऱ्यावर अशा शिळांना ड्रिलने भोके पाडून लोखंडी खांब रोवलेले पाहिले. विचारले तर उत्तर आले, "दगडच तर आहे!" खांब उद्या काढता येतील, पण ती भोके बुजणार नाहीत.

अनमोड घाटातला खडक सुमारे ३४० कोटी वर्षांचा आहे, भारतातल्या सर्वांत जुन्या खडकांपैकी एक. किनाऱ्यावर जुन्या खडकात घुसलेल्या काळ्या भिंती दिसतात. त्या सुमारे ६.३ कोटी वर्षांपूर्वी भेगांत थिजलेल्या शिलारसाच्या आहेत. पर्यटक त्यांना टेकून फोटो काढतात, पण ते काय आहे हे सांगणारी पाटी मला तरी कुठे दिसली नाही.

आणि जांभा! काब द राम किल्ल्याचा तो लालसर कडा. उष्ण, पावसाळी हवेत मूळ खडकातली सिलिका लाखो वर्षे धुपत गेली, लोह आणि ॲल्युमिनियम मागे उरले, त्याचा हा खडक. माझे घरही जांभ्याच्या चिऱ्यांचेच आहे, म्हणून चिरेखाणी बंद करा असे मी म्हणणार नाही. पण सडा, म्हणजे जांभ्याचे पठार, पावसाचे पाणी पिऊन घेतो आणि पायथ्याच्या झरींना ते महिनोन्‌महिने पुरवतो. सडा खरवडला की आधी झर आटते, मग खालचे कुळागर, म्हणजे सुपारीची बाग.

रिवणजवळ पणसायमळला कुशावतीकाठच्या जांभ्यावरची कातळचित्रे १९९३ साली उजेडात आली. २०२२ पासून कोकणातल्या कातळचित्रांसोबत ती युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या तात्पुरत्या यादीत आहेत. ज्या खडकावर माणसाने काही कोरले नाही, त्याला मात्र कुणी वाली नाही. केरळने वर्कळ्याचा कडा आणि कर्नाटकाने सेंट मेरी बेटांवरचे खडकाचे नैसर्गिक खांब अभिमानाने मिरवले. आपण कशाची वाट पाहतो आहोत?

भूशास्त्रज्ञांना सोबत घेऊन किनारे, सडे आणि घाट यांतल्या अशा जागांची यादी करा, त्या नकाशावर आखा, आणि किनाऱ्यावर कोणताही परवाना देण्यापूर्वी तो नकाशा पाहणे सक्तीचे करा. काणकोणपासून सुरुवात केलीत तर ओहोटीच्या वेळी दाखवायला मी येईन.

आपला,
काणकोणचा एक रहिवासी