जुन्या खरेदीखतातली एक ओळ

डरहॅम, नॉर्थ कॅरोलायना
रविवार सकाळ

प्रिय सुहास,

परवा फोनवर तू म्हणालास, "तिकडच्या काळ्यांना आता कोण अडवतंय? शिकावं, कमवावं, साठवावं." मी गप्प बसलो, कारण इथे येईपर्यंत मलाही तसंच वाटायचं. आता सविस्तर लिहितो.

घर घेतलं तेव्हा वकिलाने जुन्या दस्तांचा गठ्ठा हातात ठेवला. चाळीसच्या दशकातल्या एका खरेदीखतात कलम होतं: इथे गोऱ्यांखेरीज कुणी राहायचं नाही, घरगडी सोडून. १९४८ साली सुप्रीम कोर्टाने असली कलमं निकामी केली, पण ओळ कागदावर तशीच आहे. त्या हिशेबाने मीही बाहेरचाच की रे! 'घरगडी सोडून' वाचताना तुमच्या वाड्याचं मागचं दार डोळ्यांसमोर आलं.

इथल्याच ड्यूक विद्यापीठात विल्यम डॅरिटी हे अर्थतज्ज्ञ आहेत. त्यांचा धोशा एकच: पगार नंतर, आधी मालमत्ता बघा. फेडरल रिझर्व्ह या इथल्या मध्यवर्ती बँकेच्या २०२२ च्या पाहणीत, श्रीमंतीच्या उतरंडीत बरोब्बर मधल्या गोऱ्या कुटुंबाची मालमत्ता कर्ज वजा जाता सुमारे २,८५,००० डॉलर निघाली, कृष्णवर्णीय कुटुंबाची जेमतेम ४५,०००. शिक्षणाचं म्हणशील, तर डॅरिटींनी आणि अर्थतज्ज्ञ डॅरिक हॅमिल्टन यांनी सहकाऱ्यांसोबत २०१५ मध्ये दाखवलं, की पदवीधर कृष्णवर्णीयाच्या घरात शाळा अर्धवट सोडलेल्या गोऱ्याच्या घरापेक्षाही कमी पुंजी असते. आणि उत्पन्न सारखं असेल तर बचतीतही कृष्णवर्णीय मागे नाहीत.

मग फरक येतो कुठून? बापाकडून. माझं डाउन पेमेंट बाबांच्या नाशिकच्या प्लॉटमधून आलं, तूच तर गिऱ्हाईक आणलंस. माझ्या ऑफिसातली एक कृष्णवर्णीय बाई माझ्याइतकंच कमावते, पण पंधरा वर्षं भाड्याने राहते. आईचं औषधपाणी आणि भाच्याची फी तिच्याच पगारातून. तिच्या आजोबांचं इथल्या हेटाय या कृष्णवर्णीयांच्या वस्तीतलं घर साठ-सत्तरच्या दशकांत हायवेखाली गेलं. ते दुसऱ्या महायुद्धात लढले होते. परतलेल्या सैनिकांना सरकारी हमीवर कर्ज मिळे, पण १९४७ मध्ये मिसिसिपीच्या १३ शहरांत अशा ३,२२९ कर्जांपैकी कृष्णवर्णीयांना किती मिळाली असतील? दोन.

त्याआधीचं तर सोडूनच दे. १८६५ मध्ये उत्तरेच्या फौजेच्या जनरल शर्मनने मुक्त गुलामांसाठी ४० एकरांपर्यंतचे तुकडे राखून ठेवले आणि अध्यक्ष जॉन्सनने त्याच वर्षी ती जमीन जुन्या मालकांना परत द्यायला लावली.

डॅरिटी म्हणतात, या सगळ्याची भरपाई केंद्र सरकारने रोख करावी. नवरा-बायकोने मिळून (बायको कर्स्टन मलेन) २०२० मध्ये त्यावर जाडजूड पुस्तकच लिहिलंय. मला त्यांचा हिशेब पटतो, पण इथली संसद (काँग्रेस) पैसे देईल यावर माझा काडीचा विश्वास नाही. हॅमिल्टन यांच्यासोबत मांडलेली मुलांच्या ठेवीची कल्पना मात्र कनेक्टिकट राज्याने उचलली. १ जुलै २०२३ पासून गरीब घरात जन्मलेल्या प्रत्येक बाळाच्या नावे ३,२०० डॉलर. जात-वर्ण न बघता. डॅरिटींना एवढ्याने दरी बुजेल असं वाटत नाही.

तुला राग येईल, पण विचारतोच. आपल्या गावच्या सातबाऱ्यांवर वेशीबाहेरच्या वस्तीतली किती नावं होती रे? तुझ्या आजोबांच्या ट्रंकेत जुने उतारे असतील. काढून बघ आणि कळव.

आणि हो, प्लॉटच्या व्यवहाराची राहिलेली पावती कुरियरने पाठव, इथल्या टॅक्सवाल्याला लागतेय.

तुझा,
अव्या