पॉट माझ्याकडे आहे

पुणे, १२ एप्रिल

तीर्थरूप आई-बाबांना,
साष्टांग नमस्कार.

बाबा, माळ्यावर आइस्क्रीमचं पॉट शोधू नका. ते माझ्याकडे आहे. पाडव्याला आलो होतो, तेव्हा निघायच्या आधी तुम्ही अंबाबाईला गेलात, तेवढ्यात मी ते डिकीत ठेवलं आणि वर जाजम टाकलं. आईला ठाऊक होतं, पण तिला बोलू नका, मीच तिला शपथ घातली होती. विचारलं असतं तर तुम्ही नाही म्हणाला असता, आणि मग माझ्याच्यानं ते उचललं गेलं नसतं.

जानेवारीत स्टेंट बसला तुम्हाला. जोर लावायचा नाही, असं डॉक्टरांनी माझ्यासमोर दोनदा सांगितलं होतं. आणि पाडव्याच्या सकाळी मी परड्यात आले तर तुम्ही पॉटच्या दात्यांना तेल घालत बसलेला. म्हणालात, "मे महिना आला की." त्या दिवशी श्रीखंड माझ्या घशाखाली उतरलं नाही. पाऊण तास हँडल मारायचं, त्यात शेवटची दहा मिनिटं सगळ्यात जड, आणि ती तुम्ही आजवर कुणाला दिली नाहीत. माधवदादालासुद्धा नाही.

ते नीट आहे. लाकूड सुकून फटी पडू नयेत म्हणून आठवड्यातून एकदा त्यात पाणी भरून ठेवते, तुम्ही ठेवायचात तसंच. २०१९च्या पुरात तुम्ही टीव्हीच्या आधी पॉट माळ्यावर नेलंत, हे मी विसरलेले नाही. त्याला काही होऊ देणार नाही.

आता आई, तुझं. काल फोनवर म्हणालीस, परड्यात टोमॅटोचा नुसता ढीग पडलाय, सार करून करून कंटाळा आला, सॉस करायला गॅसपाशी उभं राहवत नाही. उभी राहूच नकोस. त्या टोमॅटोचं गारेगार करा. बाबा हसतील. हसू देत. हॉटेलात सॉर्बे म्हणून देतात ना, ते नाव आपल्या सरबताचंच भावंड आहे. आणि हे काट्यानं खरवडून करायचं, हँडल नाही, खडेमीठ नाही, बर्फाची लादी नाही. मी इथे तीनदा करून बघितलं. पहिल्यांदा साखर फार कमी घातली आणि त्याचा दगड झाला, म्हणून प्रमाण नीट लिहिते.

बाबा, आधी टोमॅटो. झाडावरच लाल होईपर्यंत थांबू नका. या उन्हात तिशीच्या वर पारा गेला की टोमॅटोला लाल रंग धरत नाही, म्हणून ते देठाशी पिवळे राहतात. तुमच्या खताचा काही दोष नाही. जरा लाली चढली की तोडा आणि माजघरात टोपलीत देठाकडची बाजू खाली करून ठेवा. फ्रिजमध्ये नको, गारव्यानं त्यांचा वास मरतो. चार-पाच दिवसांत पिकतील.

पिकलेले एक किलो घ्या. बुडाला सुरीनं फुलीसारखी चीर, उकळत्या पाण्यात अर्धा मिनिट, मग गार पाण्यात. साल हातानं निघते. चिरून मिक्सरला फिरवायचं आणि चाळणीतून गाळायचं. बियांभोवतीचा तो बुळबुळीत गर टाकू नकोस आई, चव त्यातच असते, चमच्यानं घासून काढ, नुसत्या बिया वर राहू देत. शिजवायचं अजिबात नाही, शिजवलं की साराची चव येते. साधारण पाऊण किलो रस निघेल. त्यात शंभर ग्रॅम साखर, अर्ध्या लिंबाचा रस, चिमूटभर मीठ. सब्जाचं रोप आहे ना तुळशीशेजारी, त्याची आठ-दहा पानं चुरगाळून रसात अर्धा तास ठेव आणि काढून टाक. चाखलंस तर जरा जास्तच गोड लागेल. लागू दे, गोठल्यावर गोडी कमी जाणवते.

मग पसरट स्टीलच्या डब्यात बोटभर जाडीचा थर, वर झाकण, आणि बर्फाच्या कप्प्यात. पाऊण तासानं कडा धरतात. काट्यानं कडेचं खरवडून मधे आणायचं. पुढे दर अर्ध्या तासानं तेच, चार-पाच वेळा. नुसतं ठेवलं तर पाणी आधी गोठतं, त्याचे मोठे खडे होतात आणि साखरेचा पाक वेगळा राहतो. पॉटमधली फळी फिरायची ती यासाठीच, बाबा. शेवटी लाल किसासारखं मोकळं होतं. लोण्यासारखं मऊ व्हायला साखर दुप्पट लागली असती, म्हणून मी खरवडायचं शोधलं. ते मुद्दाम तुमच्यासाठी.

तरीही बाबा, लहान वाटी, अर्धीच, दुपारच्या जेवणानंतर. त्या दिवशी चहा बिनसाखरेचा. आणि गूळ घालायचा नाही. कोल्हापूरचा असला तरी रक्तात जाऊन त्याची साखरच होते, यावर मला पुन्हा वाद नको. मे महिन्यात तीन महिन्यांच्या साखरेची तपासणी आहे, कॅलेंडरवर मी लाल गोल केलाय. आई, तू रात्री खाऊ नकोस, आंबट आहे, तुला जळजळ होते.

मला आठवतं, पॉट हलू नये म्हणून वर पोतं घालून तुम्ही मला त्याच्यावर बसवायचात. खालून गार लागायचं, मी रडायला आले की म्हणायचात, "मने, अजून शंभर फेरे, मोज." मी साठानंतर चुकायचे आणि तुम्ही मुद्दाम माझ्याबरोबर चुकायचात. आई गंगावेशीच्या कट्ट्यावरून आणलेलं म्हशीचं दूध आटवून पहाटेच गार करायला ठेवायची. त्या वासानं मला अजून जाग येते.

पॉट मी ठेवून घेणार नाही. पोरांची परीक्षा संपली की २० मेला आम्ही येतोय, ते घेऊनच. हँडल ती दोघं मारतील, तुम्ही पोत्यावर बसून फेरे मोजायचे. शेवटच्या दहा मिनिटांना मी आहे. तुम्हाला राग आला असेल तर फोनवर रागवा, पण फोन उचला. दोन दिवस उचलला नाहीत.

काटा चमच्यांच्या डब्यात मिळणार नाही, ते सगळे वाकलेत. आक्काच्या लग्नातला सेट दिवाणाखालच्या ट्रंकेत आहे, त्यातला घ्या. ट्रंक शेजारच्या पोराकडून ओढून घ्या. तुम्ही ओढायची नाही.

तुमची,
मनी