अभी घरी येतोय, त्याआधी हे वाचा

ती. आई आणि आण्णांना साष्टांग नमस्कार.

अभीचं चष्म्याचा नंबर घालवायचं डोळ्यांचं लेझर ऑपरेशन नीट झालं, हे फोनवर कळवलंच आहे. शनिवारी डॉक्टर डोळ्यांवरची लेन्स काढतील आणि सगळं ठीक असलं तर रविवारी तो तुमच्याकडे येईल. फोनवर बोलायला लागलं की आईचा गळा भरून येतो आणि कामाचं बोलणं राहून जातं, म्हणून सगळं लिहूनच पाठवतेय. आण्णा, तुम्ही हे आईला सावकाश वाचून दाखवा. सोबत थेंबांच्या वेळांचा तक्ता जोडलाय, तो स्वयंपाकघरात कॅलेंडरशेजारी लावा.

आई, तू परवा विचारलंस, खालच्या आळीतल्या मुलीला दुसऱ्या दिवशी सकाळी भिंतीवरचं घड्याळ दिसलं, मग आपल्या पोराला एवढा त्रास का? तिची लॅसिक होती. तिच्यात बुबुळावरच्या पारदर्शक पडद्याचा, म्हणजे कॉर्नियाचा, एक पातळ पापुद्रा झाकणासारखा उचलतात, आत लेझर मारतात आणि पापुद्रा परत बसवतात. नजर लगेच सुधारते, पण तो पापुद्रा पूर्वीइतका घट्ट कधीच चिकटत नाही. पुढे कधीतरी डोळ्यावर जोराचा मार बसला तर तो सरकू शकतो. अभी कबड्डी खेळतो. पकडीत कुणाचं कोपर, कुणाचं बोट डोळ्यात जाईल याचा नेम नसतो. म्हणून डॉक्टरांनी त्याच्यासाठी पापुद्रा न उचलणारी, पीआरके नावाची पद्धत निवडली. तिच्यात कॉर्नियाची अगदी वरची साल काढून टाकतात आणि लेझर वरूनच मारतात. खरचटलेल्या गुडघ्यावर नवी कातडी येते तशी ती साल आपोआप पुन्हा भरते. ती भरेपर्यंत डोळ्यावर पट्टीसारखी एक मऊ लेन्स बसवलेली असते. आग, पाणी, उजेड सहन न होणं, हे पहिले दोन-तीन दिवस व्हायचंच. कालची रात्र त्याला जड गेली. आज दुपारपासून पाणी कमी झालंय आणि संध्याकाळी त्याने स्वतःहून पिठलं-भात मागितला.

लेझर म्हणजे डोळा भाजला असं आईला वाटतंय, ते तसं नाही. आण्णा, तुम्ही वर्गात प्रकाश शिकवायचात, म्हणून तुम्हाला हे मुद्दाम सांगते. हा लेझर डोळ्यांना न दिसणाऱ्या अतिनील किरणांचा असतो, १९३ नॅनोमीटर तरंगलांबीचा. तो पेशींमधले रेणूंचे बंध तोडतो आणि प्रत्येक ठोक्याला मायक्रॉनच्या, म्हणजे मिलिमीटरच्या हजाराव्या भागाच्या, पाव भागाएवढाच थर उडवतो, त्यामुळे शेजारचा भाग जळत नाही. हे पहिल्यांदा ज्यांच्या लक्षात आलं त्यांच्यात आपले रंगस्वामी श्रीनिवासन होते, मूळचे मद्रासचे, अमेरिकेत आयबीएमच्या प्रयोगशाळेत काम करणारे. १९८१ च्या नोव्हेंबरात तिकडच्या थँक्सगिव्हिंगच्या सणाला उरलेला टर्की पक्ष्याच्या मांसाचा तुकडा ते प्रयोगशाळेत घेऊन गेले आणि त्यावर हा लेझर मारून पाहिला. काप स्वच्छ निघाला, कडा करपल्या नाहीत. पुढे त्यातूनच डोळ्यांचं हे ऑपरेशन उभं राहिलं. हे वाचल्यापासून माझीही भीती बरीच गेली.

आता मुख्य गोष्ट. रविवारी तो तुमच्यासमोर उभा राहील तेव्हा डोळे जवळपास नेहमीसारखे दिसतील. लाली फारशी नसेल, पट्टीही नसेल. तेव्हा सगळ्यांना वाटेल की झालं आता, बरा झाला पोरगा. पण साल नुकती भरलेली असेल, कच्ची आणि खरबरीत. पुढचे चार आठवडे जपण्याचे आहेत, आणि ते तुमच्या हातात आहेत.

आई, तुझ्याकडे एक मागणं आहे. त्याच्या डोळ्यांत डॉक्टरांनी दिलेल्या थेंबांशिवाय काहीही घालायचं नाही. गुलाबपाणी नाही, मध नाही, धन्याचं पाणी नाही, एरंडेल नाही, गाईचं तूप नाही. आपल्याकडे डोळे आले की बाळंतिणीचं दूध घालायची पद्धत होती, मलाही घातलं होतं लहानपणी. तू मायेनं करशील हे मला माहीत आहे, म्हणूनच आधी सांगतेय. यातली एकही वस्तू निर्जंतुक नसते, आणि साल नवी असताना आत गेलेला जंतू कॉर्नियावर कायमचा डाग पाडू शकतो. साधं पाणीसुद्धा चालत नाही. नळाच्या आणि विहिरीच्या पाण्यात एक अमीबा असू शकतो, तो कॉर्नियात शिरला तर महिनोन् महिने उपचार करावे लागतात. त्यामुळे महिनाभर विहिरीवर पोहणं बंद. अंघोळ मानेखालून करू दे, आणि डोकं धुवायचं झालं तर न्हाव्याकडे मान मागे टेकवतात तसं बसवून तू धू. तोंडावर पाण्याचे हबके मारायची त्याला सवय आहे. त्याऐवजी ओला रुमाल पिळून डोळे सोडून तोंड पुसायचं.

दृष्ट काढल्याशिवाय तू राहणार नाहीस आणि मी नको म्हणणारही नाही. मीठ-मोहरी उतरवून अंगणात टाक. पण निखाऱ्यावर मिरच्या नकोत. तो ठसका घरभर बसतो, आपल्यालाही डोळे उघडवत नाहीत. संध्याकाळचा धूप देवघरापुरता, आणि त्या वेळी त्याला पुढच्या सोप्यात बसव. बंब सकाळी मागच्या दारी पेटतो आणि वारा आत असला की सगळा धूर माजघरात येतो. हे काही दिवस त्याची खाट माजघरात नको, पुढच्या खोलीत टाका आणि मधलं दार लोटून घ्या. फोडणी देताना तो ओट्याजवळ घुटमळतो, त्याला हाकल.

खाण्यापिण्याचं कसलंच पथ्य नाही. आंबट, वातूळ, गार, असलं काही डॉक्टरांनी बंद केलेलं नाही. त्याला जे हवं ते घाल.

आण्णा, शेताचं तुमच्याकडे. गव्हाची मळणी याच आठवड्यात आहे असं तुम्ही म्हणालात. यंत्रापाशी त्याला उभंच करू नका, पोती शिवायलासुद्धा नाही. तो भुसा कसा उडतो, पापण्यांच्या केसांवर पिवळा थर बसतो, हे आपण दरवर्षी पाहतो. एक कूस डोळ्यात गेलं की हात आपोआप वर जातो, आणि डोळा चोळणं हीच यातली सगळ्यात वाईट गोष्ट आहे. शेजारच्या रानात उसाचं पाचट पेटवणार असतील तर त्या दिवशी खिडक्या लावून घ्या.

उन्हाचंही तसंच. पीआरके झालेल्या डोळ्यावर कडक ऊन लागत राहिलं तर कॉर्नियावर धुरकट सायीसारखा थर धरण्याचा धोका वाढतो. तो लगेच नाही, एक-दोन महिन्यांनी दिसायला लागतो, तेव्हा कारण कुणाच्या लक्षातही येत नाही. म्हणून त्याला अतिनील किरण पूर्ण अडवणारा गॉगल घेऊन दिलाय, बाजूंनी झाकणारा. वर टोपी. बाहेर पडताना काही महिने हे दोन्ही हवंच. गावात गॉगल लावून फिरायला त्याला लाज वाटते, पोरं हिरो म्हणून चिडवतील म्हणतो. आण्णा, तुम्ही पारावर एकदा सगळ्यांसमोर सांगून टाका की डॉक्टरांनी लावलाय. तुमच्या शब्दापुढे कुणी बोलणार नाही.

होळी जवळ आलीय. होळीच्या रात्री त्याला धुराच्या बाजूला उभा करू नका. धुळवड आणि रंगपंचमीला तर तो घरातच. मित्र दारात येऊन ओढतील, ‘नुसता टिळा लावतो’ म्हणतील. दार उघडू नका. आणि चैत्रात यात्रेचे सामने आहेत. मंडळाच्या पोरांना आताच कळवा की डॉक्टर हो म्हणाल्याशिवाय तो मैदानात उतरणार नाही.

थेंबांचं थोडं सविस्तर लिहिते. बाटल्या तीन आहेत, टोपणांवर मी चिकटपट्टी लावून १, २, ३ असे आकडे घातलेत. पहिली जंतू होऊ नयेत म्हणून, ती थोडेच दिवस. दुसरी स्टेरॉइडची, पांढरट, ती वापरण्याआधी हलवायची. तिसरी ओलाव्यासाठी, ती दिवसातून बऱ्याचदा. हात साबणाने धुऊन कोरडे करायचे, खालची पापणी हलकेच ओढायची, एकच थेंब टाकायचा, मग डोळा मिटून नाकाजवळचा कोपरा मिनिटभर दाबून धरायचा. दोन औषधांमध्ये किमान पाच मिनिटं जाऊ द्या, नाहीतर दुसरं पहिल्याला धुऊन टाकतं. बाटलीचं टोक पापणीला किंवा बोटाला लागू द्यायचं नाही. स्टेरॉइडचे थेंब तक्त्याप्रमाणे आठवड्या-आठवड्याने कमी होत जातील. बरं वाटतंय म्हणून मध्येच बंद नाही, आणि लाल दिसतोय म्हणून मनाने वाढवायचेही नाहीत, कारण त्यांनी काही जणांच्या डोळ्यातला दाब वाढतो. दर तपासणीला डॉक्टर तो दाब मोजतात ते याचसाठी. आणि आण्णा, तुमच्या मोतीबिंदूच्या वेळच्या उरलेल्या बाटल्या फडताळात असतील तर त्या टाकून द्या. दुखतंय म्हणून मेडिकलमधून डोळा बधिर करणारे थेंबही कुणी आणू नका. त्यांनी घटकाभर बरं वाटतं, पण साल भरायची थांबते.

रात्री झोपताना डोळ्यांवर पारदर्शक प्लास्टिकच्या वाट्या आणि कागदी चिकटपट्टी लावायची. झोपेत माणूस डोळा चोळतो आणि सकाळी त्याला आठवतही नाही. काकूचा चिनू रोज त्याच्या कुशीत झोपायचा हट्ट धरेल. ते काही दिवस नको, लहान मुलाचा हात झोपेत जोरात लागतो.

नजर हळूहळू येईल. एक दिवस बरं दिसेल, दुसऱ्या दिवशी धूसर, सकाळी एक तर दुपारी दुसरं. दोन्ही डोळ्यांत फरक वाटेल. रात्री दिव्यांभोवती वलयं दिसतील. स्थिर व्हायला एक ते तीन महिने लागतात, कधी जास्तही. तो मनातून खचेल, ‘पैसे वाया गेले का’ असं विचारेल. चौथीपासून सोडावॉटरच्या बाटलीच्या बुडासारखी भिंगं लावलेला पोरगा आहे तो, त्याची घाई मला समजते. रोज ‘आता दिसतं का रे?’ असं विचारू नका. तोपर्यंत मोटरसायकलची किल्ली आण्णांच्या खिशात. मोबाइलवरही कमी बसू दे. पडद्याकडे पाहताना पापण्या निम्म्यापेक्षा कमी वेळा मिटतात आणि या डोळ्यांना आधीच कोरडेपणा असतो.

एवढ्या गोष्टी झाल्या तर मात्र वाट पाहायची नाही: ठणका कमी व्हायच्या ऐवजी वाढला, घाण यायला लागली, लाली वाढत गेली, बुबुळावर पांढरा ठिपका दिसला किंवा नजर एकदम कमी झाली. रात्रीचे दोन वाजले तरी मला फोन करा. डॉक्टरांचा नंबर तक्त्याच्या खाली मोठ्या अक्षरात लिहिलाय. ‘सकाळी बघू’ असं करू नका.

अजून एक काम आण्णांचं. त्याच्या फाइलमध्ये ऑपरेशनच्या आधीची मोजमापं आहेत, कॉर्नियाची जाडी, वक्रता आणि जुना नंबर. ती जमिनीच्या कागदांसोबत ट्रंकेत ठेवा. म्हातारपणी त्याला मोतीबिंदू झाला तर आत बसवायच्या भिंगाचा नंबर काढायला हे आकडे उपयोगी पडतात. शिवाय कॉर्निया पातळ झाल्यामुळे डोळ्याचा दाब यंत्रावर खऱ्यापेक्षा कमी दिसतो, तेव्हा पुढे कुठल्याही डोळ्यांच्या डॉक्टरांना लेझर झालंय हे सांगावंच लागेल. चाळिशीनंतर जवळचा चष्मा त्यालाही लागेल, तो या ऑपरेशनने टळत नाही. आण्णा, तुम्ही तुमच्या वाचायच्या चष्म्याचं विचारलं होतंत, त्यावर भेटल्यावर बोलू. आधी तुमची वार्षिक तपासणी करून घ्यायचीय.

रविवारी माझे दीर त्याला गाडीतून आणून सोडतील, दुपारच्या जेवणापर्यंत पोचतील. त्यांना जेवल्याशिवाय जाऊ देऊ नका. पुढच्या शनिवारी मी येते आणि सोमवारी त्याला तपासणीला घेऊन जाते. तोवर रोज रात्री आठला फोन करीन, तेव्हा दिवसभराचे थेंब झाले की नाही एवढं तक्त्यावर खुणा बघून सांगा.

तुमची,
मंगल